विहिरीतल्या बाईविषयी दहा अभिप्राय

४ एप्रिल १९३७, रविवार. अमरावती

भगवंतरावांनी काल हो म्हटलं. पुरतं हो नव्हे, पण नाही तर नक्कीच म्हटलं नाही.

अकरा वर्षं मी त्यांच्या छापखान्यात प्रुफं तपासतो आहे. लग्नपत्रिका, पंचांगं, सरकीच्या जाहिराती, वकिलांच्या कविता. आता त्यांना रहस्यकथांची माला काढायची आहे. खुनाच्या आणि भुताखेतांच्या कादंबऱ्या बडनेऱ्याच्या स्टेशनावर लोक हातोहात नेतात, मग आपण वऱ्हाडातच का छापू नयेत, असं त्यांचं म्हणणं. मी मान खाली घालून म्हटलं, "माझ्याकडे एक लिहून तयार आहे." भगवंतराव माझ्याकडे बराच वेळ पाहत राहिले. इतक्या वर्षांत मी आपण होऊन काही बोललो, याचंच त्यांना नवल वाटलं असावं.

त्यांनी अट घातली. दहा माणसांना कादंबरी वाचून दाखवायची आणि त्यांचे अभिप्राय लिहून आणायचे. लिहिणारा कोण हे त्यांना कळता कामा नये. "ओळखीचा माणूस तोंडावर गोड बोलतो. मला गोड नको," असं म्हणाले. अक्षय तृतीयेपर्यंत मुदत. अभिप्राय चांगले असले तर छापणार, आणि दहाही अभिप्राय मलपृष्ठावर देणार. नसले तर मी पुन्हा वकिलांच्या कवितांकडे.

वय चौतीस. एकदा तरी आपलं नाव आपण छपाईच्या खिळ्यांत पाहावं, एवढीच इच्छा आहे. ती किती मोठी आहे हे काल रस्त्याने घरी येताना कळलं. पाय जमिनीवर ठरत नव्हते.

६ एप्रिल

ऐकणारे शोधायला लांब जावं लागलं नाही. वलगावच्या रस्त्याला आमचा मळा आहे. तो थोरले बंधू शालिकरामदादा पाहतात. सध्या मोगऱ्याचा बहर आणि लग्नसराई. बायका अकराच्या सुमारास कळ्या तोडतात, जेवतात, आणि मग कडुनिंबाखाली बसून गजरे ओवतात. संध्याकाळी माल बाजारात जातो. उन्हाळ्यात छापखाना सकाळचाच असतो, त्यामुळे दुपारी मी मोकळा. ओवणाऱ्या बायकांना कुणीतरी वाचून दाखवायचं, ही आमच्याकडची जुनी पद्धत. हात गुंतलेले, कान रिकामे. एरवी मी पोथी वाचतो. आज पोथीच्या पुठ्ठ्यात माझी कच्ची प्रत घातली आणि सांगितलं, पुण्याच्या एका लेखकाचं नवं पुस्तक आहे.

आई (पार्बताबाई), शेजारच्या माणिकबाई, दादांची मुलगी जमुना, जी लग्नानंतर पहिल्यांदाच माहेरी आली आहे, आणि शेजारपाजारच्या आणखी तिघी. झाल्या सहा. शिवाय आमची शकुन. ती गजरे ओवते सगळ्यांत भराभर, पण घरच्या बायकोचं मत काय धरायचं, म्हणून तिला मोजली नाही. आईला मोजली. आई कुणाचीही भीड ठेवत नाही.

कथा अशी आहे. एका बागवानाची बायको बारा वर्षांपूर्वी नाहीशी झाली. आता तिच्या मळ्यात भर दुपारी बाराला मोगऱ्याच्या वाफ्यात ओली पावलं उमटतात. दोन गडी गायब होतात. नागपूरहून एक फौजदार तपासाला येतो. बारा वर्षं का, तर आमच्या लग्नाला बारा झाली. आकडा डोक्यात होता, आणि भुताला शोभला.

पहिलं प्रकरण संपलं तेव्हा जमुनाच्या हातातला गजरा अर्धाच होता.

९ एप्रिल

अभिप्राय येऊ लागले. जसे आले तसे टिपतो.

माणिकबाई: "हा लेयनारा शहाना हाय. भूत बाराले निंघते, हे त्याले मालूम हाय. बाकीचे समदे रातीच काढतात. पन बाप्पा, चैत्राच्या उन्हात वलं पाऊल किती येय टिकन? फौजदार नागपूरहून येईपावतर वाळून नाई जाईन?"

ही चूक माझ्या ध्यानात कशी आली नाही! फौजदाराला आधीपासूनच गावात मुक्कामाला आणून ठेवला.

जमुना: "काका, मले शेवट आधी सांगा. मंग मी आरामानं भेते."

आई: "त्या पोरीची सासू कोन होती? पुस्तकवाले समदे सासूवरच घेतात. सासूनं ढकललं असन तं मी उठून जाईन." मी म्हटलं, सासू आधीच वारली होती. तेव्हा आई पाय पसरून नीट बसली.

शकुन जेवायला वाढताना म्हणाली, "त्या बाईले नाव काहून नाई?"

मी म्हटलं, "भूत आहे ते. भुताला नाव कशाला?"

"मेल्यावर भूत झाली. पयले तं बाई होती न. आन् तीनशे पानं झाली, एक शब्द बोलत नाई."

दीडशेच पानं आहेत, पण तिचं म्हणणं पटलं. मुकं भूत जुनं झालं. बोलणारं भूत अजून कुणी छापलेलं नाही. बाईला नाव दिलं, वच्छला. आता तिच्या तोंडी एक प्रकरण घालायचं.

शकुनने दौतीत शाई भरून ठेवली होती. मी छापखान्याचं काम घरी आणतो, असंच ती समजते.

१३ एप्रिल

वच्छलेला बोलतं करायला बसलो, पण काही केल्या जमेना. भूत बोलणार काय? "सूड! सूड!" एवढंच सुचत होतं. सकाळी चहा घेताना सहज शकुनला विचारलं, "त्या पुस्तकातली बाई बोलली असती तर काय बोलली असती गं?"

ती भाकरी थापत होती. थापता थापता म्हणाली, "ती गेली हे घरच्याईले कवा समजलं?"

"त्याच दिवशी. दुपारी."

"नाई समजनार. तिनं सकाळीच भाकरी करून झाकून ठेवली असन, तं दुसऱ्या दिवशी सकाळी समजन. भाकरी नाई दिसली म्हंजे."

मी उडालोच. केवढा पुरावा! यावरून मृत्यूची वेळ पक्की करता येते. फौजदाराला झाकलेल्या भाकरीवरून छडा लावता येईल. मी तसाच उठून लिहायला गेलो. चहा अर्धा राहिला. एका बैठकीत नऊ पानं झाली. वच्छला विहिरीच्या पायरीवर बसून नवऱ्याला सांगते: मी गेले ते तुम्हाला दुसऱ्या दिवशी कळलं. कुणी म्हटलं नाही की वच्छला कुठं आहे. म्हटलं, भाकरी कुठं आहे.

वाचून पाहिलं आणि माझ्याच अंगावर काटा आला. शकुनला रहस्यकथेची चांगली जाण आहे. आधी कधी लक्षात आलं नाही.

१८ एप्रिल, रविवार. अकोला

पक्की प्रत घेऊन सकाळच्या गाडीने बडनेऱ्याहून अकोल्याला आलो. इथे वामनराव म्हणून वकील आहेत. एका वाचनालयाची पुस्तकनिवड त्यांच्या हातात आहे. त्यांनी नाक मुरडलं तर अख्ख्या जिल्ह्यात पुस्तक जात नाही, असं भगवंतराव म्हणतात. वामनरावांचा अभिप्राय हवाच, असा त्यांचा आग्रह.

वामनरावांनी बाड हातात घेतलं. "भुतं?" म्हणाले. "लिहिणारे कोण?"

"एक नवीन गृहस्थ आहेत. मी नुसता नक्कल करणारा."

"शेषराव, लोकांना गणित येत नाही, आरोग्याचे नियम ठाऊक नाहीत, आणि यांना भुतं लिहायची आहेत. अशी पुस्तकं कपाटात ठेवली की चांगली पुस्तकं कुणी काढत नाही." एवढं बोलून त्यांनी बाड उशाशी ठेवलं. टेबलावर नव्हे, उशाशी. मी नमस्कार करून उठलो. मनात मात्र आशा धरली.

परतीच्या गाडीला वेळ होता म्हणून स्टेशनावर बसून लिहितो आहे. शेजारी एक इसम खुनाची कादंबरी वाचतो आहे. मूर्तिजापूरला उतरायचं आहे, असं मघाशी म्हणाला, आणि मूर्तिजापूरपर्यंतच जाणारी गाडी आत्ताच त्याच्यासमोरून निघून गेली. देवा, एक दिवस माझ्या पुस्तकावर असा माणूस पाहायला मिळू दे.

२३ एप्रिल

छापखान्यातले नत्थुजी खिळे जुळवतात. त्यांना चार प्रकरणं दिली होती. त्यांचं मत: "भाऊ, एका पानात सात खेपा ‘अचानक’. आपल्या खान्यात ‘च’ इतके नाहीत." कथेबद्दल विचारलं तर म्हणाले, "कथा मी वाचतच नाही. अक्षर वाचतो. पण परवा घरी जाताना इहिरीच्या बाजूनं नाही गेलो, फेरा मारला." दोन्ही वाक्यं टिपली. ‘अचानक’ पुसत सुटलो. पुस्तक होतं त्याहून भीतिदायक झालं.

मळ्यात मात्र एक गोष्ट कानावर आली. खालच्या विहिरीजवळच्या वाफ्यातल्या कळ्या तीन दिवस कुणी तोडल्या नाहीत. बायका म्हणतात, ऊन लागतं.

२५ एप्रिल

ऊन नव्हे. मी लागलो आहे.

कादंबरी खरी वाटावी म्हणून मी वर्णन आमच्याच खालच्या विहिरीचं केलं होतं. तुटलेली तिसरी पायरी, काठावर वाकलेली चिंच, पलीकडे मोगऱ्याचा वाफा. दुसरं काही कल्पनेने रचायचा कंटाळा, खरं सांगायचं तर. मला वाटलं, बायकांना ओळखीचं वाटेल, गंमत येईल.

आज माणिकबाईंनी मला बाजूला घेतलं. "शेषराव, सांगू काय? त्या पुन्याच्या मानसाले आपली तुटकी पायरी कशी मालूम?"

मी पोथीचा पुठ्ठा बगलेत घट्ट धरला.

"आपल्याले वाटे, हे आपल्याच गावातलं हाय, झाकून राहीन. पन पुन्यापावतर बात गेली. छापून बी आली. मंग खोटी कशी असन?"

सहाही बायकांनी मिळून ठरवलं आहे, खालच्या वाफ्यात पाय ठेवायचा नाही. मळ्यातला सगळ्यांत मोठा वाफा तोच. कळ्या झाडावरच फुलून, पिवळ्या पडून गळताहेत. अक्षय तृतीयेला वलगावच्या खुशालरावांच्या मुलीचं लग्न आहे. मांडवापासून वरातीपर्यंतची सगळी फुलं द्यायचा शब्द दादांनी दिला आहे. आज दादा वाफ्याच्या कडेला उभे राहून म्हणाले, "शेषा, हे कोन्या मानसाचं पुस्तक हाय रे? मले भेटला पायजे तो."

मला जेवण गेलं नाही. मीच लिहिलं असं सांगितलं, तर भगवंतरावांची अट मोडते. सगळे अभिप्राय बाद, पुस्तक बाद. नाही सांगितलं, तर दादांचा शब्द जातो. दुपारभर चिंचेकडे पाहत बसलो. अकरा वर्षांनी एक संधी आली होती. रडू आलं, ते लपवायला विहिरीकडे पाठ फिरवली, आणि तेव्हा मलाही जरा मागून थंड वाटलं. स्वतःच्याच भुताला भ्यालो.

२६ एप्रिल

सांगून टाकलं.

दुपारी सगळ्या बसल्या होत्या. पोथीच्या पुठ्ठ्यातून कागद काढून समोर ठेवले. "हे पुस्तक पुण्याचं नाही. माझं आहे. मी लिहिलं. विहीर आपली घेतली, पण बाई मनातली आहे. खाली कुणी नाही."

सगळ्यांच्या नजरा कागदांवरून माझ्याकडे आल्या. मग आई हसायला लागली. "तू? तुले लहानपनी इहिरीत डोकाव म्हनलं तं तू माह्या लुगड्यात तोंड लपवे. तू भूत लेयतं?"

जमुनाने कागद उचलून पाहिले. चौथीपर्यंत शिकली आहे. "आजी, अक्षर काकाचंच हाय." मग माझ्याकडे वळून, "काका, फौजदाराचं लगन लावा न."

मला वाटलं, सुटलो. पण माणिकबाईंनी दोरा खाली ठेवला. "तू लेयलं, मान्य. पन तुले हे सुचवलं कोनं? बारा वर्सं तूच त्या इहिरीवर आंघोळ करतं. तिनंच तुह्या कानात सांगतलं असन. नाई तं तुले काहून सुचते? तू तं कधी बोलत बी नाई कोनासंगं."

बाकीच्या तिघींनी माना डोलावल्या. म्हणजे अभिप्रायही गेले, आणि वाफा रिकामाच राहिला. दादा मात्र एकच वाक्य बोलले, "मले आधी सांगतलं असतं." रागावले असते तर बरं वाटलं असतं.

शकुन सबंध वेळ ओवतच होती. मी लिहिलं हे ऐकून तिला काडीचंही आश्चर्य वाटलं नाही. वाचनाबिचनात तिला फारसा रस नसावा.

२७ एप्रिल

आज जे झालं ते सविस्तर लिहून ठेवलं पाहिजे.

साडेअकराला शकुनने टोपलं घेतलं आणि एकटी खाली निघाली. आई म्हणाली, "शकुन, बाराची येय हाय." ती थांबली नाही. बायका बांधावर उभ्या राहून पाहू लागल्या. मीही त्यांच्यात उभा. उतरावं असं वाटत होतं, पण पाय उचलेना. लाज वाटली, तरीही उचलेना. शेवटी गेलो.

ती वाकून कळ्या तोडत होती आणि हळू आवाजात काही बोलत होती. मी विचारलं, "कुणाशी बोलतेस?"

"तिच्यासंगं."

"अगं, ती मी रचलेली आहे."

"मालूम हाय मले," ती म्हणाली. "तुमी रचली, मी बोलते. तोडा, उभे काहून राह्यले?"

आम्ही दोघांनी मिळून टोपलं भरलं. वर आलो तर माणिकबाई डोळे फाडून तिच्याकडे पाहत होत्या. शकुन त्यांना शांतपणे म्हणाली, "ती मले काई करत नाई. आमचं बोलनं होते. मी समोर असली तं तुमालेबी काई नाई करनार."

आणि काय आश्चर्य! माझ्या खरं सांगण्याने जे झालं नाही, ते तिच्या थापेने झालं. उद्यापासून सगळ्या येणार आहेत. शकुन पुढे, बाकीच्या मागे. भूत नाही यावर त्यांचा विश्वास बसेना, पण भुताशी शकुनची ओळख आहे, हे लगेच पटलं. दादा पोटभर हसले. आठ दिवसांत पहिल्यांदा.

३० एप्रिल

भानगड माझी, म्हणून रोज दुपारी मीही टोपलं घेऊन खाली जातो. तोडताना बोलणं होतं. शकुनचं माहेर वरूडचं, संत्र्याच्या बागेतलं. आज तिने सांगितलं की तिला संत्र्याचा वास लहानपणापासून सहन होत नाही. दर संक्रांतीला मी हौसेने तिच्यासाठी संत्री आणतो. बारा वर्षं.

"मग बोलली का नाहीस?"

"तुमी इचारलं नाई. उपरन्यात बांधून आनत होते, मले बरं वाटे. मी जमुनाले देऊन देओ."

दोघंही इतके हसलो की बांधावरून माणिकबाईंनी "काय झालं वो?" म्हणून हाक दिली. हल्ली दिवस बरे जाताहेत. पुस्तक बुडालं तरी बरे जाताहेत, याचं मला नवल वाटतं.

दुपारी उरलेली प्रकरणंही वाचून संपवली. शेवटी नवरा पायरीवर बसून वच्छलेचं सगळं ऐकतो, ती खाली पाण्यात उतरते, आणि मळा मुक्त होतो. बायकांनी सुस्कारा सोडला. माणिकबाई म्हणाल्या, "गेली एकदाची, बरं झालं." शकुनने ओवणं थांबवलं. उठून गजऱ्यांवर पाणी शिंपडलं.

३ मे

वामनरावांचं अकोल्याहून पत्र आलं. भीतभीत फोडलं. उतरवून ठेवतो:

"सदर कादंबरी अत्यंत टाकाऊ आहे. भुते नसतात. फौजदार मूर्ख आहे. वाचनालयासाठी मी हिची शिफारस करणार नाही. तथापि प्रकरण चौदा, ज्यात मृत स्त्री झाकलेल्या भाकरीविषयी बोलते, ते वाचून मी चष्मा काढून ठेवला. सौभाग्यवतींनी काय झाले म्हणून विचारले. आमच्याकडे संध्याकाळी त्या आधी जेवल्या, मी नंतर. तसे का केले, ते मी त्यांना सांगितले नाही. लेखकाने आपले नाव कळवावे. ता. क. पृष्ठ ११२ आणि ११३ ची अदलाबदल झाली आहे, मला चार वेळा शोधावे लागले."

टाकाऊ पुस्तकातलं एक पान चार वेळा शोधलं! पत्र शकुनला वाचून दाखवलं. भाकरीची जागा आली तेव्हा ती पुन्हा वाचा म्हणाली. पुन्हा वाचलं.

७ मे

भगवंतरावांना जाऊन सगळं खरं सांगितलं. अट मोडली, बायकांना लेखक कोण ते कळलं, कळ्या गळल्या, तेही. ते ऐकत राहिले आणि मग इतके हसले की खोकला आला.

"म्हणजे पुस्तक ऐकून सहा बायकांनी मोगरा तोडायचं सोडलं?"

"सात दिवस."

"अरे, मग मला अभिप्राय कसले दाखवतोस? हाच छाप." मग हाताच्या बोटांवर मोजलं. सहा बायका, नत्थुजी, वामनराव, शालिकराम. "नऊ. दहावा कुठे?"

दादांनी काल एवढंच सांगितलं होतं: "लेयनाऱ्यानं पुढच्या टायमाले दुसऱ्याची इहीर घ्यावी."

"दहावा नाही," मी म्हटलं.

"तुझ्या बायकोचा घे. तिला कसली भीड? शेवटचा फर्मा छापायच्या आत आण."

छापणार! मी बाहेर येऊन पंपाखाली तोंड धुतलं, कारण रस्त्यात रडणं बरं दिसलं नसतं.

१५ मे

खुशालरावांकडचं लग्न पार पडलं. मांडवभर आमचा मोगरा. खालच्या वाफ्यातला. खुशालरावांच्या व्याह्यांनी दादांना विचारलं, ही फुलं कुठल्या बागेतली. दादा म्हणाले, "भुताच्या."

२ जून

पुस्तक छापतं आहे. स्वतःचीच प्रुफं तपासतो आहे आणि स्वतःच्याच चुका सापडत नाहीत, सगळं बरोबरच वाटतं. शकुनला अभिप्राय विचारला. म्हणाली, सांगीन. तिसऱ्यांदा विचारला आहे. घाई आहे म्हटलं तर म्हणाली, "बारा वर्सं कोनाले घाई नवती." तिची थट्टा कधी कधी कळत नाही.

५ जून

आज दोघंच होतो. मोगऱ्याचा बहर ओसरला, बायका येत नाहीत. शेवटच्या फर्म्याचं, म्हणजे शेवटच्या सोळा पानांचं, प्रूफ घरी आणलं होतं. शकुन म्हणाली, शेवट पुन्हा वाचा. वाचला. वच्छला बोलते, नवरा पायरीवर बसून ऐकतो, त्याचे डोळे भरून येतात, ती उतरते, पाणी शांत होतं.

"मंग?" ती म्हणाली.

"मग काही नाही. संपलं."

"तो समदं आयकून राह्यला, आन् हात नाई देल्ला?"

मी म्हटलं, "अगं, ती मेलेली आहे."

"ते तुमी ठरवलं. आयकलं हे चांगलं केलं त्यानं. पन आयकून बसून राह्यला. ती तितंच गेली परत, पान्यात. मंग बोलून तिले काय भेटलं?"

मी समजावून सांगितलं, रहस्यकथेत भुताला शांती मिळावी लागते, वाचकाला तसं लागतं. तिने ऐकून घेतलं. "मंग राहू द्या," म्हणाली आणि सूप घेऊन तांदूळ निवडायला बसली. मी थोडा वेळ प्रूफ घेऊन बसलो. मग तिच्याशेजारी जाऊन बसलो आणि खडे निवडू लागलो. मला खडे दिसत नाहीत, तांदूळच टाकत होतो. तिने ते वेचून पुन्हा सुपात घातले.

६ जून, रविवार

सकाळी छापखान्यात गेलो. रविवार असूनही नत्थुजी आले होते, कारण उद्या शेवटचा फर्मा चढणार. प्रुफावर मी शेवटचा परिच्छेद खोडला आणि समासात लिहिलं: "त्याने हात पुढे केला."

नत्थुजी समास वाचून माझ्याकडे पाहू लागले. "मंग भूत असून धरला काय तिनं?"

"धरला."

"ते बी जुळवू?"

"जुळवा."

"मंग हे भुताचं पुस्तक राहिलं काय, भाऊ?"

मी म्हटलं, माहीत नाही. पण पान बरोबर भरलं, एकही ओळ वाढली नाही.

७ जून

काल ओलं प्रूफ घरी नेऊन शकुनला वाचून दाखवलं होतं. तिने ऐकलं. बराच वेळ हातातला पदर नीट करत राहिली. मग तिचा अभिप्राय सांगितला. दोन-तीनच शब्द. मी तेवढेच कागदावर लिहिले आणि आज भगवंतरावांना दिले.

त्यांनी वाचलं: "आता बरं हाय. — सौ. शकुन, अमरावती." कागद उलटून पाहिला. "एवढंच? रोमांच, थरार, असं काहीतरी घाल की. हे छापलं तर लोकांना वाटेल, आधी बरं नव्हतं."

"नव्हतंच," मी म्हटलं.